डावा खांदा

५ नोव्हेंबर, नांदेड

ही डायरी सुगतने दिली. मुखपृष्ठावर त्याच्याच दुकानाची जाहिरात आहे : 'सुगत व्हिजन. लग्न, बारसे, साखरपुडा. ड्रोनसहित.' डॉक्टरांनी सांगितलं होतं की बीपी वाढतंय, ताई, मनात साठवत जाऊ नका. त्यावर माझा हा धाकटा भाऊ म्हणतो, लोकांवर ओरडण्यापेक्षा लिहीत जा, ओरडल्यानं गिऱ्हाईक पळून जायलंय. म्हणजे काळजी माझ्या बीपीची नाही, गिऱ्हाइकाची आहे.

तर लिहिते. नाव पंचशीला, पन्नाशी उलटली, लग्न केलं नाही, त्याबद्दल कुणी विचारलेलं आवडत नाही. एकोणिसाव्या वर्षी हैदराबादला कार्टूनच्या स्टुडिओत लागले. स्टुडिओ कसला, कारखानाच तो. मोठे कलाकार हालचालीची पहिली पोझ काढायचे आणि शेवटची काढायचे, मधली सगळी चित्रं आम्ही भरायची. परदेशातल्या एका मांजराची शेपटी मी तरुणपणभर हलवली. मग पौराणिक मालिका आली, तिच्यातले सगळे देव व्यायामशाळेतून आल्यासारखे दिसायचे. मग लातूरच्या एका डाळमिलसाठी तुरीचे दाणे नाचवले. मग हागणदारीमुक्तीसाठी एका टमरेलाला बोलतं केलं, आणि ते टमरेल माझ्या सगळ्या कामांत जास्त गाजलं. शेवटी हट्टानं स्वतःचा सिनेमा केला, सगळ्या कुटुंबानं मिळून बघावा असा. तो एका थिएटरात दुपारच्या खेळाला लागला आणि दारावरचा माणूस सोडून कुणी बघितला नाही, तोही झोपलेला होता. नंतर मशीनच चित्रं काढायला लागलं, स्टुडिओला कुलूप लागलं आणि मी नांदेडला परत आले.

आता मी सुगतच्या दुकानात लोकांच्या हळदीचे व्हिडिओ कापते. पेन्सिल हातात धरत नाही. ही डायरीसुद्धा बॉलपेननं लिहिते आहे.

सुगतचं काय सांगावं. लहानपणी मी त्याला शाळेत न्यायचे तेव्हा हा वाटेत दर दहा पावलांवर थांबायचा, मुंग्या बघ, गोटा उचल, मेलेलं पाखरू बघ. अजूनही तसाच आहे. फक्त आता हातात ड्रोन आलंय.

८ नोव्हेंबर

लग्नात हल्ली नवी टूम निघाली आहे. मेलेली माणसं आशीर्वाद द्यायला येतात. अक्षता पडल्या की एलईडी पडद्यावर ढग जमतात, ढगातून आजोबा नाहीतर वडील उतरतात, हात वर करतात आणि फुलं पडतात. एक फोटो दिला की मशीन हे सगळं चहा निवायच्या आत करून देतं. मागच्या आठवड्यात हिमायतनगरच्या एका लग्नात आजोबांनी स्वर्गातून नुसता डावा डोळा मिचकावला. आजी चक्कर येऊन पडली. लोक म्हणाले, बघा किती माया होती.

आज असंच एक गिऱ्हाईक आलं. लोह्याचे देविदास काका, पांढरे बूट, अंगठ्या, खताचं दुकान. सोबत त्यांची पुतणी राजकन्या, इथं नांदेडला बँकेत नोकरीला. चार डिसेंबरला तिचं लग्न आहे, लातूरला. नवरा मुलगा तिथल्या क्लासमध्ये फिजिक्स शिकवतो. लातुरात दगड भिरकावला तर तो क्लासवाल्यालाच लागतो, त्यामुळे यात नवल नाही. राजकन्येचे वडील बालाजी ती साडेतीन वर्षांची असताना तापानं गेले. फोटो एकच आहे, ओळखपत्रावरचा, आणि त्यात ते फोटोवाल्याला घाबरलेले दिसतात.

काकांना ढग हवे होते. त्यांच्या साडूच्या घरच्या लग्नात ढग होते, त्यामुळे आपले कमी पडता कामा नयेत. सुगतने तिथल्या तिथे मोबाइलवर करून दाखवलं. बालाजी ढगातून आले, सदऱ्याचा सूट झालेला, दात मोजून घ्यावेत इतके बाहेर, आणि कमरेत लचकत साबणाच्या जाहिरातीतल्यासारखे चालले. काका खूश झाले. पोरगी मात्र शांतपणे म्हणाली, "हे पप्पा न्हाईत."

काका म्हणाले, तुला काय आठवतंय, एवढीशी होतीस तू.

"आठवत न्हाई म्हणून तर," ती म्हणाली. "चेहरा फोटोत हाय. पण ते चालत कसे यायचे ते मला मालूमच न्हाई. बोलायला नका लावू त्यांना. नुसतं रस्त्यानं येताना दिसू द्या. आन् खरं जमणार नसंल तर काहीच दाखवू नका, लग्न तसंच होऊ द्या."

मला ही मागणी बरी वाटली. पहिल्यांदाच कुणीतरी कमी मागत होतं. सुगत लगेच म्हणाला की ताई हातानं काढते. मी म्हणाले, ताई काढत नाही. त्यावर तो काकांकडं वळून हळूच म्हणाला की खरं आहे, आता तिला जमणारही नाही, सवय सुटलीय, डोळे गेलेत.

मला जमणार नाही. ज्यानं आयुष्यात सरळ रेघ ओढली नाही तो हे बोलणार. मी टमरेलाला बोलतं केलंय. काम घेतलं.

११ नोव्हेंबर, लोहा

माणसाचा चेहरा कुणीही काढेल. माणूस असतो चालीत. आणि चाल कळायची माझी एक पद्धत आहे, हैदराबादला सगळे तिला हसायचे. लोकांना विचारायचं नाही, लोकांना चालायला लावायचं. तोंडानं माणूस खोटं बोलतो, 'फार देवमाणूस होते हो' सुरू करतो. पायाला खोटं बोलता येत नाही. म्हणून माझा नियम असा : तोंड बंद ठेवा आणि ते कसे चालायचे ते चालून दाखवा.

आधी देविदास काकांचं घर. बैठकीत शिरल्यावर पहिला प्रश्न, आडनाव काय. सांगितलं. मग सगळ्यांना कपबशीत चहा आला आणि मला कागदी कपात. हे मी हैदराबादहून परत आल्यावर विसरले होते असं नाही, पण ज्याचा पुतळा चौकात आहे त्याला हार घालतानाचा काकांचा फोटो त्याच बैठकीत टांगलेला होता. चहा मात्र चांगला होता.

काका चालून दाखवायला उठले ते फीत कापायला निघालेल्या मंत्र्यासारखे चालले. विचारलं तर कळलं की त्या काळात ते औरंगाबादला कंपनीत होते, भाऊ त्यांना वर्षातून एकदा दिसायचा. मग चालले कशाला? पण आपल्याकडं माहीत नाही म्हणायला माणसं लाजतात.

राजकन्येची आई रुक्मिणबाई. अंगणवाडीत ताई आहे. दारात उभी होती. मी म्हणाले, तुम्ही दाखवा. तिनं माझ्याकडं असं बघितलं की मी काहीतरी चोरायला आलेय, आणि पदर सारखा करून आत निघून गेली. राजकन्या म्हणाली की आई पप्पांचा विषय काढतच नाही, कधीच काढला नाही. बाई नव्हे, दगड. वीस वर्षांत नवऱ्याबद्दल पोटच्या पोरीला चार शब्द सांगता आले नाहीत.

मग बाहेर पडले. बालाजी मोंढ्यात, म्हणजे धान्यबाजारात, मुनीम होते, रोज सकाळी घरापासून मोंढ्यापर्यंत त्याच रस्त्यानं जायचे. त्या रस्त्यावर दयानंदचं चहाचं हॉटेल आहे. तो गल्ला सोडून बाहेर आला. "तव्हा त्यायची बारकी पोर—" अशी सुरुवात करत होता, मी बोट वर केलं. तोंड बंद. मग तो चालला. आणि मी मोबाइलवर शूटिंग करता करता सरळ बसले, कारण हे कुणाचं तरी खरं चालणं होतं. डावा खांदा खाली. सगळं अंग डावीकडं कललेलं. पावलं इतकी आखूड की एवढ्या मोठ्या माणसाला शोभत नाहीत. दोन-चार पावलं टाकली की थांबायचं, मान खाली डावीकडं घालायची, वाट बघितल्यासारखं करायचं, मग पुन्हा चालायचं.

पुढं केवळाबाई, भाजी विकते, त्या गल्लीची सगळ्यात जुनी. तिचं तोंड बंद ठेवणं म्हणजे चाळणीत पाणी धरणं. तिला दोनदा दटावलं तेव्हा चालली. हुबेहूब तेच. डावा खांदा, आखूड पावलं, थांबणं. शिवाय तिनं डाव्या हाताचं एकच बोट बाहेर काढलं होतं आणि बाकीची मिटलेली. चालताना ओठ हलवत होती, पण म्हातारीचे ओठ तसेही हलतातच. संपल्यावर ती लागली काहीतरी सांगायला, डोळ्याला पदर वगैरे. मी रिक्षात बसले. मला रडणं नको, चाल हवी होती, ती मिळाली.

१२ नोव्हेंबर

निदान झालं. बालाजीच्या डाव्या अंगाला दोष होता. कंबर किंवा लकवा. बोट तसं अडकून राहतं ते लकव्यातच. दर चार पावलांवर थांबणं म्हणजे दम लागत असणार. आणि घरच्यांनी हे लपवलं. अर्थातच लपवणार, पोरीच्या लग्नाचा प्रश्न आहे. म्हणून ती आई दगड झाली. मी पायांना विचारलं म्हणून कळलं.

चित्रं काढायला काचेखाली दिवा असलेली पेटी लागते, म्हणजे खालचं चित्र वरच्या कागदातून दिसतं. माझी पेटी मी हैदराबादहून आल्या दिवशी भंगारात द्यायला सांगितली होती. आज सुगतने ती फ्लेक्सच्या ढिगाखालून काढली. भंगारवाल्याकडं न्यायचंच राहून गेलं, म्हणाला. याच्याकडून एक काम वेळेवर होत नाही. काच पुसलेली होती आणि आतली नळीही नवीन होती. अल्बम बघायला वापरत असेल.

१७ नोव्हेंबर

पाच दिवस लिहिलं नाही, काढत होते.

हात सुरुवातीला दगाबाज निघाला, रेघ म्हातारीच्या सहीसारखी यायची. तिसऱ्या दिवशी गाडी रुळावर आली. आरशासमोर मी स्वतः बालाजीसारखी चालून बघते, कुठं वजन पडतं ते अंगाला कळल्याशिवाय कागदावर येत नाही. दुकानात आलेल्या एका नवरदेवानं मला तसं चालताना बघितलं आणि हळूच खुर्ची पुढं केली. त्या गाढवाला वाटलं मला चक्कर येतेय.

एक गोष्ट खटकते. लंगडणारा माणूस दुखऱ्या पायावरचं वजन चटकन उचलतो. हा उचलत नाही. याचे दोन्ही पाय धडधाकट आहेत, आणि तरी तो कललेला. वैद्यकशास्त्र माझा विषय नाही. दोघांनी जसं दाखवलं तसं काढलं.

माझाही डावा खांदा दुखतो आहे. वय झालं.

२१ नोव्हेंबर

आज काका आणि राजकन्या बघायला आले. लोह्याचा रस्ता, कडेला बाभळी, लांबून बालाजी चालत येतात. रंग नाही, नुसती पेन्सिल. थांबतात, मान खाली घालतात, पुन्हा चालतात.

काका एवढे घाबरले की खुर्चीवरून उठले. "ह्ये काय काढलंय? लंगडा माणूस काढलाय तुम्ही. पाव्हणे काय म्हणतील? म्हणतील घराण्यात खोट हाय, आन् पोरगी बघताना सांगितलं न्हाई. सरळ करा ह्याला."

मी म्हणाले, ढगवाला सरळच होता, तोच घ्या. सरळ माणसं काढायला मशीन आहे. मी जे लोकांच्या अंगात बघितलं ते काढलंय आणि त्यातली रेघसुद्धा हलणार नाही. सुगत टेबलाखालून माझ्या पायावर पाय देत होता. मी त्याचा पाय तुडवला.

राजकन्येनं खुर्ची स्क्रीनजवळ ओढली होती. तिनं पुन्हा लावायला सांगितलं. मग पुन्हा. मग मला विचारलं, "ते लंगडे होते का?" मी सांगितलं, रस्त्यावरच्या दोन माणसांनी, एकमेकांना न विचारता, हेच दाखवलं. ती म्हणाली की मला कुणी सांगितलंच नाही. आवाज अगदी साधा होता, पण हातातल्या पर्सची ती उघडझाप करत होती.

काका म्हणाले, लग्न मोडलं तर जिम्मेदारी कुणाची. ती म्हणाली, "असतील तर असू द्या, काका. लंगडे तर लंगडे. मला तेच बघायचे हायत. मोडायचं असंल ते मोडंल."

दोघं भांडतच बाहेर गेले. पोरीत दम आहे. बँकेत फुकट जाते आहे.

मी जिंकले आहे. जेवण मात्र गेलं नाही.

२४ नोव्हेंबर

काकांचा फोन : ढगाचा व्हिडिओ तयार ठेवा, पोरीला मी समजावतो. सुगतचा सल्ला : दोन्ही तयार ठेवू. हा जन्मभर दोन्ही तयार ठेवणार.

चाल पुन्हा पुन्हा लावून बघते. काहीतरी चूक आहे. रेघ चुकलेली नाही, वेळ चुकलेली नाही. तरी हा माणूस एखाद्या रिकाम्या दोरीनं ओढल्यासारखा दिसतो. आजवर मांजर, देव, तूर, टमरेल, कुणीही मला असा त्रास दिला नाही. कदाचित सुगत बरोबर म्हणाला असेल, मला आता जमत नसेल.

हे शेवटचं वाक्य त्याला दिसता कामा नये.

२७ नोव्हेंबर

आज दुपारी रुक्मिणबाई आली. एकटी, लोह्याहून एसटीनं. सुगत शूटिंगला गेला होता. पिशवी मांडीवर घेऊन ती बाकावर बसली आणि म्हणाली की पोरगी चार दिवस जेवली नाही, नुसती विचारते, आई, पप्पा लंगडे होते का, मला का नाही सांगितलंस. काय काढलंय ते मला बघायचं आहे.

मनात म्हणाले, आली आता सारवासारव करायला. लावलं.

बालाजी बाभळींखालून चालत आले. थांबले. मान डावीकडं खाली. बाईनं तोंडावर हात ठेवला. तिला हे खोटं म्हणता येणार नव्हतं आणि मला तेच हवं होतं. मी म्हणाले, बाई, आता तरी कबूल करा, त्यांना लकवा होता ना?

ती माझ्याकडं बघत राहिली. रागानं नाही. अंगणवाडीत एखाद्या पोरानं उलटी चप्पल घातली की बघत असेल तसं.

"लकवा?" ती म्हणाली. "बाई, तुम्ही माझी पोरगी कुठं ठेवली?"

मला कळलं नाही. ती उठली, टेबल भिंतीकडं सरकवलं, पदर कमरेला खोचला. आणि दुकानात, फ्लेक्स आणि अल्बमच्या ढिगांमधून, ती नवऱ्यासारखी चालली. डावा खांदा खाली, एक बोट बाहेर. आखूड पावलं. पण तिच्या चालण्यात ते रिकामपण नव्हतं. ती थांबली आणि डावीकडं खाली बघून बोलली. "मुंगळा हाय तो. घरी चाललाय. चल आपुन बी जाऊ." मग पुन्हा चालली. भिंतीशी जाऊन वळली, आणि बोट तसंच बाहेर होतं.

"रोज अंगणवाडीत सोडाया यायचे तिला," ती म्हणाली. "गाड्या हिकडून जातेत म्हणून तिला कडंच्या अंगाला धरायचे. उचलून घ्या म्हणलं तर म्हणायचे, चालू दे की तिला. उशीर व्हायचा, सेठ बोलायचा, तरी तिच्या पावलानं चालायचे. त्यायचं बोट सोडायचीच न्हाई ती. गेले त्याच्यानंतर वरीसभर रस्त्यानं हात वर करून चालायची. येणाऱ्या-जाणाऱ्याचं बोट बघायची. त्या टायमाला मी ठरवलं, ह्याच्याबद्दल बोलायचं न्हाई. सांगितलं असतं तर जलमभर बोट हुडकत राह्यली असती."

दयानंद सांगत होता. 'त्यायची बारकी पोर.' केवळाबाई सांगत होती. आणि मी, पायाला खोटं बोलता येत नाही म्हणून, दोघांची तोंडं बंद केली. आपण शहाण्या, जग मूर्ख. एवढी मोठी गाढवीण मराठवाड्यात दुसरी नसेल.

हे सगळं मी तिला बोलले नाही. विचारलं, ती किती उंच होती तेव्हा? तिनं हात आपल्या मांडीच्या वर धरला.

चहा एकच कप होता, माझा. तिनं त्यातला अर्धा बशीत ओतून घेतला आणि प्याली. जाताना म्हणाली की पोरीला आधी दाखवू नका, नाहीतर लग्नाआधीच रडून मोकळी होईल. आणि काकांना काही सांगू नका, त्यांना ढगातच राहू द्या. बाई वाटली तितकी दगड नाही.

३० नोव्हेंबर

बालाजीची एक रेघही बदलावी लागली नाही. हे लिहून ठेवते, कारण कुणाला सांगितलं तर खरं वाटणार नाही. सगळी चित्रं जशीच्या तशी ठेवली आणि त्यांच्या डाव्या बाजूला पोर काढत गेले. ती आली तसा तो माणूस बरा झाला. खांदा तोच, कल तोच, थांबणंही तेच, पण आता तो लंगडा नाही, आता तो वाकलेला आहे. पहिली पोझ होती आणि शेवटची होती, मधलं कुणी भरलंच नव्हतं.

पोर काढताना फ्रॉक, दोन शेंड्या, पायात मोठी चप्पल. मुठीत त्याचं बोट धरलेलं, हात कानाच्या उंचीला. मुंगळ्याशी थांबते.

सुगत मागं येऊन उभा राहिला. म्हणाला, "मी बी असंच थांबायचो ना, ताई?" मी म्हणाले, तू अजून थांबतोस, जा, ड्रोन चार्ज कर. तो गेला. त्यानंतर मी उगाच आरशासमोर उभी राहिले. माझा डावा खांदा उजव्यापेक्षा खाली आहे. शर्ट शिवणाऱ्या टेलरनं एकदा म्हटलं होतं आणि मी त्याच्याशी भांडले होते. हे तरी मला आधी सुचायला हवं होतं.

४ डिसेंबर, लातूर

मंगल कार्यालयाचं नाव राजवाडा आणि पाण्याचे जार उन्हात. स्टेजला कारंजं, कारंज्यात प्लॅस्टिकचे हंस. क्लासवाल्यांची अख्खी पलटण आली होती, एकमेकांच्या पोरांचे मार्क विचारत. एक पुढारी तासभर उशिरा आला आणि त्याच्यासाठी मुहूर्तानं वाट बघितली. मुहूर्तालाही आता कळतं की कुणासाठी थांबायचं.

अक्षता पडल्या. काकांनी माइक घेऊन सांगितलं की आता स्वर्गवासी बालाजी यांचा आशीर्वाद होईल. त्यांनी सुगतला ढगाचं पेनड्राइव्ह स्वतःच्या हातानं दिलं होतं. सुगतने ते खिशात टाकलं आणि दुसरं लावलं. आयुष्यात पहिल्यांदा त्यानं दोन्ही तयार ठेवून एकच लावलं.

पडद्यावर रस्ता आला. रंग नाही, संगीत नाही. लोकांना वाटलं बिघाड झाला. मागं कुणी तरी जिलबीच्या रांगेत भांडत होतं. बाभळींखालून माणूस चालत आला, डावा खांदा खाली. काका माझ्याकडं बघायला लागले. मी हंसांकडं बघितलं. मग बाभळीच्या बुंध्याआडून पोरगी दिसली, बोट धरून.

दयानंद हॉटेलवाला वऱ्हाडात होता. तो उभा राहिला आणि मोठ्यानं म्हणाला, "ह्येच की. मी ह्येच सांगत होतो बाईला." मला ते ऐकू आलेलं नाही असं मी ठरवलं.

पुढचं राजकन्येचं लिहायचं आहे आणि ते नीट लिहिलं पाहिजे. ती स्टेजवर उभी होती. रडली नाही. पडद्यावर पोरगी मुंगळ्याशी थांबली आणि बालाजी तिच्यासाठी थांबले, तेव्हा तिचा उजवा हात वर गेला. तिनं तो नेला नाही, तो गेला. हिरवा चुडा खळखळत कोपरापर्यंत घसरला. मूठ मिटलेली, आत काहीच नाही. भर मांडवात, शालू नेसलेली बाई हात वर करून उभी राहिली. नवरदेवाला वाटलं तिला काही हवं आहे, तो बावळटासारखा इकडंतिकडं बघायला लागला. रुक्मिणबाई स्टेजच्या खाली होती. ती चढून वर आली आणि आपलं एक बोट त्या मुठीत दिलं.

राजकन्या आईकडं वळली. काय बोलली ते मला दिसलं, ऐकू आलं नाही. ओठांवरून तरी असं वाटलं : ते लंगडे नव्हते.

पडदा काळा झाला. पुढाऱ्याचा फोन वाजला आणि लोक जेवायला गेले. सासऱ्यानं खोटबिट काही काढली नाही, त्याला जिलबी संपायची काळजी होती. काका माझ्याजवळ आले, बोलायला तोंड उघडलं, मग नुसतं म्हणाले की जेवून जा, ताई, आमच्या पंगतीत. मी म्हणाले, बघू. जेवले. वांग्याची भाजी खारट होती.

५ डिसेंबर, नांदेड

चूक झालेली आहे. पोरीचा हात मी कानाच्या उंचीला काढला. काल तिनं धरला तो डोक्याच्या वर. वीस वर्षांनी, एवढी उंच होऊन, तरी डोक्याच्या वर. म्हणजे बालाजी मी काढले त्यापेक्षा उंच होते, आणि वाकूनसुद्धा पुरते पोचत नव्हते.

लग्न झालं. पडदा लातूरचा, तो उतरवला. आता हे कुणी बघणार नाही, आणि सुगत म्हणतो की झालं ते छान झालं, आता कशाला. याला छान आणि बरोबर यातला फरक कधी कळायचा नाही. पेटी लावायला सांगितली आहे. पहिल्या चित्रापासून हात वर घेते आहे.